फिजी: ऊस, करारनामा आणि पट्टा

निजामाच्या खजिन्याकडे कंटिन्जंट फौजेच्या पगाराची बाकी तुंबली आणि त्या बाकीपोटी १८५३ साली वऱ्हाड, रायचूर दुआब व धाराशिव हे मुलूख कंपनी सरकारच्या हवाली करावे लागले, ही हकीकत मराठवाड्यातील वाचकास नव्याने सांगावयास नको. धाराशिव व रायचूर १८६० साली परत मिळाले. वऱ्हाडचा कारभार मात्र निजामाच्या हाती पुन्हा कधी आला नाही. कर्जाच्या पायी राज्य दुसऱ्याच्या ओटीत घालण्याचा असाच एक प्रसंग त्याच काळात आपल्यापासून हजारो कोस दूर, दक्षिण प्रशांत महासागरातील फिजी नावाच्या द्वीपपुंजावर हळूहळू आकार घेत होता. आणि त्यातून उसाची, करारनाम्याची व जमिनीच्या पट्ट्याची जी विलक्षण गुंतागुंत पुढे निर्माण झाली, तिच्यात हिंदुस्थानातील साठ हजारांवर स्त्रीपुरुष ओढले गेले. लातूर आणि नांदेड हे जिल्हे आज उसाचे जिल्हे आहेत. फडावर घालविलेले आयुष्य, मुकादमाची उचल आणि कूळ-मालकाचा तंटा या तिन्ही गोष्टींशी येथील माणसाचा निकटचा परिचय आहे. म्हणून फिजीचा इतिहास वाचताना त्याला आपल्याच मुलखाची दप्तरे चाळल्यासारखे वाटावे, यात नवल नाही.

फिजीत लहानमोठी तीनशेहून अधिक बेटे आहेत, पैकी वीती लेवू आणि वानुआ लेवू ही दोन मोठी. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास तेथे एकछत्री राज्य नव्हते. निरनिराळे सरदार आपापल्या टापूवर सत्ता गाजवीत, आणि त्यांत बाऊ या चिमुकल्या बेटाचा सरदार थाकोम्बाऊ हा सर्वांत प्रबळ होता. १८४९ साली ४ जुलैच्या उत्सवात अमेरिकन वकिलाच्या घराला आग लागली, त्या गोंधळात त्याचे सामान लुटले गेले, आणि त्याची भरपाई म्हणून अमेरिकेने थाकोम्बाऊच्या नावावर जी रक्कम चढविली ती वर्षागणिक फुगत चाळीस हजार डॉलरांच्या वर गेली. युद्धनौका येत, तोफा दाखवीत आणि वायद्याच्या कागदावर अंगठा घेऊन परत जात. ज्याच्या मुलखात नाण्याचा व्यवहारच नव्हता त्या राजाने डॉलर आणावेत कोठून? कर्ज फेडाल तर राज्य घ्या, असे त्याने १८५८ सालीच इंग्रजांस सुचविले होते. इंग्रजांनी चौकशी करून नकार दिला.

मध्यंतरी कापसाने परिस्थिती पालटली. अमेरिकेत १८६१ साली यादवी पेटली, तेथील कापूस लँकेशायरच्या गिरण्यांना मिळेनासा झाला, आणि वऱ्हाड-खानदेशातील शेतकऱ्यांच्या हाती जसा अकल्पित पैसा खेळू लागला तसाच ऑस्ट्रेलिया व न्यूझीलंडमधील गोऱ्या साहसी लोकांचा लोंढा कापसाच्या लोभाने फिजीकडे वळला. बंदुका, दारू आणि कापड यांच्या बदल्यात त्यांनी सरदारांकडून जमिनी लिहून घेतल्या. मळ्यांवर राबण्यासाठी सॉलोमन व न्यू हेब्रिडीज बेटांवरील माणसे फसवून, प्रसंगी पळवून आणली. युद्ध संपले, भाव कोसळले, मळेवाले कर्जबाजारी झाले, आणि लेवुका या बंदरात थाकोम्बाऊच्या नावाने स्थापन केलेले सरकारही तीन वर्षांत दिवाळखोर झाले. अखेरीस १० ऑक्टोबर १८७४ रोजी लेवुका येथे थाकोम्बाऊने व इतर सरदारांनी फिजीचे राज्य व्हिक्टोरिया राणीच्या स्वाधीन केल्याच्या दस्तऐवजावर सह्या केल्या. दुसऱ्याच वर्षी, सिडनीस भेट देऊन परतलेल्या राजपरिवाराबरोबर आलेल्या गोवराच्या साथीने सुमारे चाळीस हजार फिजियन माणसे मेली. तिसऱ्या किंवा चौथ्या हिश्श्याची प्रजा अशी काही महिन्यांत नाहीशी झालेली पाहून आपला वंशच आता बुडणार असे फिजियन लोकांस वाटले असेल तर त्यांना भित्रे म्हणता येणार नाही. ही भीती पुढील शंभर वर्षांच्या राजकारणाच्या मुळाशी आहे आणि ती विसरून फिजीसंबंधी निवाडा देऊ पाहणारा मनुष्य अन्याय करील.

नव्या वसाहतीचा गव्हर्नर सर आर्थर गॉर्डन १८७५ च्या जून महिन्यात दाखल झाला. हा मोठा करारी, अहंमन्य आणि तरीही सहृदय असा अंमलदार होता. न्यूझीलंडात माओरी लोकांच्या जमिनी गोऱ्यांच्या घशात कशा गेल्या हे त्याला ठाऊक होते, आणि फिजीत तसे होऊ द्यावयाचे नाही असा त्याने निश्चय केला. फिजियन जमीन ही भावकीच्या सामाईक मालकीची असते; मातांगली नावाचा जो गोत्रसमूह, त्याच्याकडे ती वंशपरंपरा चालत येते. ही जमीन कोणासही विकता येणार नाही असे गॉर्डनने ठरविले, मळेवाल्यांच्या खरेदीखतांची कसून तपासणी केली, गावचा कारभार सरदारांकडेच ठेवला आणि १८७६ साली त्या सरदारांची एक महासभा स्थापन केली. देशातील पाच-षष्ठांशाहून अधिक जमीन अशा रीतीने मूळ रहिवाशांच्या नावे कायम राहिली. वसाहतवादाच्या इतिहासात असा कायदा विरळाच, आणि त्याबद्दल गॉर्डनला श्रेय द्यावयास हवे.

परंतु वसाहतीने स्वतःचा खर्च स्वतः भागवावा असा लंडनचा हुकूम होता. महसूल पाहिजे तर मळे पाहिजेत, मळे पाहिजेत तर मजूर पाहिजेत. आणि फिजियन माणसाला त्याच्या गावातून उठवून मळ्यावर जुंपावयाचे नाही असे तर गॉर्डननेच ठरविलेले. तो यापूर्वी त्रिनिदाद व मॉरिशस येथे गव्हर्नर होता. हिंदी मजुरांच्या श्रमावर साखरेची बेटे कशी चालतात हे त्याने डोळ्यांनी पाहिले होते. उत्तर त्याच्या हाताशी होते. एका प्रजेचे रक्षण करण्यासाठी दुसऱ्या प्रजेला वेठीस धरण्यात आले, आणि हे कृत्य करणारा मनुष्य स्वतःस न्यायी समजत होता, हीच या कथेतील सर्वांत दुःखद गोष्ट होय.

‘लिओनिडास’ नावाचे गलबत कलकत्त्याहून निघून १४ मे १८७९ च्या सुमारास लेवुकाच्या समुद्रात आले, तेव्हा त्यावर पटकी व देवी या दोन्ही साथी होत्या. जिवंत उतरलेल्या माणसांची संख्या ४६३ भरली. तेथपासून १९१६ च्या नोव्हेंबरात ‘सतलज’ जहाज येईपर्यंत एकूण ८७ खेपा झाल्या आणि सुमारे साठ हजार पाचशे हिंदी स्त्रीपुरुष फिजीत उतरले. त्यांत बहुसंख्य संयुक्त प्रांत व बिहारमधील. १९०३ पासून मद्रास बंदरातूनही जहाजे सुटू लागल्यावर तमिळ, तेलुगू व मल्याळी माणसांची भर पडली. भरती करणाऱ्या दलालास उत्तरेत अरकाटी म्हणत. जत्रेत, धर्मशाळेत, कचेरीच्या आवारात, सासरहून रुसून निघालेल्या बाईच्या वाटेवर तो उभाच असे. आणि फिजी हे कलकत्त्याच्या पलीकडे, थोड्याच अंतरावर आहे असे तो सांगे.

या करारनाम्यास मजूर ‘गिरमिट’ म्हणत, आणि त्याने बांधलेला तो गिरमिटिया. करारनाम्याची कलमे कागदावर सुसंबद्ध होती. मुदत ५ वर्षांची. सोमवार ते शुक्रवार रोज ९ तास व शनिवारी ५ तास काम. पुरुषास दिवसाला १ शिलिंग, स्त्रीला ९ पेन्स. १० वर्षांनंतर सरकारी खर्चाने परतीचा प्रवास. दर १०० पुरुषांमागे ४० स्त्रिया पाठवाव्यात असाही नियम होता, आणि त्या एका आकड्यातून मळ्यांवरील किती खून, किती आत्महत्या व किती संसारांची राखरांगोळी झाली त्याचा हिशेब कोणी मांडावा? प्रत्यक्षात मजुरी तासावर नसून नेमून दिलेल्या कामावर मोजली जाई. धष्टपुष्ट गड्याला दिवसभरात उरकेल एवढे काम सर्वांना सारखे नेमावयाचे, ते अपुरे राहिले की मजुरी कापावयाची आणि वर माणसाला मॅजिस्ट्रेटपुढे उभे करावयाचे, असा परिपाठ होता. करार मोडणे हा दिवाणी मामला न राहता फौजदारी गुन्हा झाला होता. तुरुंगात गेलेले दिवस मुदतीत पुन्हा मिळविले जात. राहण्यास जी लाकडी चाळ असे तिला ‘लाइन’ म्हणत. १० फूट लांब व ७ फूट रुंद खोलीत तीन एकटे पुरुष, किंवा एक जोडपे आपल्या मुलांसह. गोऱ्या देखरेख्याला मजुरांनी कुलंबर असे नाव दिले होते, त्याच्या हाताखालचा हिंदी मुकादम तो सरदार. आणि त्या साऱ्या जीवनाला त्यांनी एकच शब्द लावला होता, नरक.

बालाघाटाच्या डोंगरपट्ट्यातून, कंधार-मुखेडकडून, दिवाळी उलटताच बैलगाड्यांतून वा ट्रकांतून जी कुटुंबे फडावर निघतात, नवराबायको मिळून एक कोयता धरला जाऊन ज्यांची उचल आगाऊच खर्ची पडलेली असते, त्यांच्याकडे पाहिले म्हणजे फिजीच्या लाइनींची आठवण होते. दोन्हींत मोठे अंतर आहे हे मान्यच. येथला मजूर हंगाम संपताच आपल्या गावी परततो, त्याच्यावर वॉरंट निघत नाही, त्याला मताचा हक्क आहे. तरीही आगाऊ दिलेल्या पैशाने माणसाचे पाय बांधता येतात, आणि सही घेणाऱ्यास व सही करणाऱ्यास कागदाचा अर्थ सारखा समजलेला नसतो, ही दोन सत्ये कोपीत राहणाऱ्या आपल्या ऊसतोडकऱ्यास समजावून सांगावी लागत नाहीत.

आता या व्यवस्थेवर पहिला कायदेशीर घाव ज्याने घातला त्याच्याकडे वळू. गोपाळ कृष्ण गोखले यांचा जन्म १८६६ सालचा, रत्नागिरी जिल्ह्यातील कोतळूकचा. त्याच कोकणपट्टीतील माणसे मुंबई बंदरातून मॉरिशसच्या मळ्यांवर गेली होती आणि तेथे मराठी बोलणाऱ्यांची एक वस्ती आजही नांदते आहे; तेव्हा मळ्यावरच्या कराराची वार्ता गोखल्यांच्या कानी केवळ सरकारी अहवालांतूनच आली असेल असे मला वाटत नाही. १९१० च्या फेब्रुवारीत त्यांनी वरिष्ठ कायदेमंडळात दक्षिण आफ्रिकेतील नाताळकडे जाणाऱ्या करारबद्ध मजुरांची भरती बंद करण्याचा ठराव आणला व तो मान्य करविला. परंतु एका वसाहतीचे दार बंद करून त्यांचे समाधान होणार नव्हते. ४ मार्च १९१२ रोजी त्यांनी समूळ पद्धतीवरच बोट ठेवले आणि हिंदुस्थानात वा हिंदुस्थानाबाहेर कामासाठी करारबद्ध मजुरांची भरती यापुढे सर्वस्वी बंद करावी असा ठराव मांडला.

गोखल्यांच्या वक्तृत्वात आवेश कमी व आकडे फार, अशी तक्रार त्यांचे प्रतिपक्षी करीत असत. त्या दिवशीचे त्यांचे भाषण या तक्रारीस उत्तर आहे. करार करणारे दोन पक्ष समबल नसतील तर त्या करारास करार म्हणताच येत नाही; अशिक्षित, असहाय मनुष्यास परक्या मुलखात, परक्या भाषेत, अज्ञात धन्याकडे बांधून टाकावयाचे आणि त्या बंधनात फौजदारी शिक्षा आहे ही गोष्ट त्याच्यापासून लपवावयाची, हे केवळ कपट होय; आणि कपटाने घडविलेली ही पद्धत बळाने टिकविली जाते, असे त्यांनी सरकारास स्पष्ट बजावले. स्त्रियांच्या प्रमाणाच्या नियमामुळे होणारा अनाचार, मळ्यांवरील आत्महत्यांचे प्रमाण, मॅजिस्ट्रेटांपुढील खटल्यांची संख्या, हे सारे त्यांनी सरकारच्याच कागदपत्रांतून वेचून दाखविले. पण या सर्वांहून त्यांना अधिक बोचली होती ती अप्रतिष्ठा. जगातील अन्य कोणत्याही देशाचे लोक अशा बंधनाने पाठविले जात नाहीत. एका हिंदुस्थानच्याच कपाळी हा कलंक का, हा त्यांचा प्रश्न होता. बिनसरकारी हिंदी सभासद सारे त्यांच्या पाठीशी उभे राहिले. ठरावास २२ मते अनुकूल पडली, सरकारी बाजूचे संख्याबल अधिक होते, आणि ठराव फेटाळला गेला.

पराभवाच्या या दिवसास मी विजयाहून कमी लेखीत नाही. सरकारला त्यानंतर आपली कृती समर्थनीय ठरविण्यासाठी मॅक्नील व चिमणलाल या दोघांस वसाहतींच्या तपासणीस पाठवावे लागले, आणि त्यांनी पद्धतीची तरफदारी केली असली तरी त्यांच्या अहवालातील आत्महत्यांचे व खटल्यांचे आकडेच पुढे विरोधकांच्या उपयोगी पडले. त्याच १९१२ सालच्या एप्रिलात कुंती नावाच्या स्त्रीने कुलंबराच्या अत्याचारातून सुटण्यासाठी नदीत उडी टाकली. तिची कहाणी कलकत्त्याच्या ‘भारतमित्र’ पत्रात छापली गेली व उत्तर हिंदुस्थान हादरला. एकवीस वर्षे फिजीत काढून परतलेल्या तोताराम सनाढ्यांनी १९१४ साली आपले अनुभव प्रसिद्ध केले. गोखले १९ फेब्रुवारी १९१५ रोजी निवर्तले. त्याच वर्षी अँड्र्यूज आणि पिअर्सन हे दोन इंग्रज फिजीच्या मळ्यांवर हिंडले व त्यांनी जो वृत्तान्त प्रसिद्ध केला तो वाचून सरकारी पक्षालाही मान खाली घालावी लागली. मार्च १९१६ मध्ये पंडित मदनमोहन मालवीयांनी गोखल्यांचाच ठराव नव्याने मांडला, आणि व्हाइसरॉय हार्डिंज यांनी तो स्वीकारला. स्वीकारला खरा, पण आणखी काही वर्षे भरती चालू ठेवण्याची आतून बोलणी झाल्याचे उघडकीस आले, तेव्हा देशभर पुन्हा गहजब उडाला. १९१७ साली अलाहाबादच्या सभेत निजामाच्या हैदराबादेत जन्मलेल्या सरोजिनी नायडूंनी मळ्यांवरील भगिनींच्या विटंबनेविरुद्ध जो आवाज उठविला, तो त्याच चळवळीतला होय. महायुद्धाच्या खास अधिकारान्वये १९१७ च्या मार्चमध्ये भरती थांबली, आणि १ जानेवारी १९२० रोजी फिजीतील उरलेले सर्व करार रद्द झाले.

गिरमिट सुटले. गिरमिटियाने पुढे काय करावे?

परतीचे भाडे मिळत असूनही निम्म्याहून अधिक माणसे फिजीतच राहिली. गावी गेले तर बिरादरी घेईल की नाही ही शंका. समुद्रापार जन्मलेली मुले. जहाजावर जुळलेले व जातीपातीपेक्षा घट्ट ठरलेले जहाजी भावाचे नाते. या सर्वांनी त्यांना तेथेच बांधून ठेवले. १९२० चा सुव्यातील संप व १९२१ चा पश्चिमेकडील उसाच्या टापूतील सहा महिन्यांचा संप सरकारने मोडून काढला. पहिल्यानंतर बॅरिस्टर मणिलाल डॉक्टर यांना व दुसऱ्यानंतर साधू वसिष्ठ मुनी यांना हद्दपार केले. सिडनीची कलोनिअल शुगर रिफायनिंग कंपनी ही तेथील साखरेची सर्वाधिकारी धनीण. नौसोरी, रारावाई, लंबासा, लौतोका असे एकामागून एक कारखाने तिने उभे केले होते. बांधील मजूर मिळेनासे होताच तिने मोठे मळे मोडून दहा-दहा एकरांचे तुकडे पाडले व ते हिंदी कुळांस खंडाने दिले. काल ज्याच्या पाठीवर कुलंबराचा चाबूक होता तो आज बांधावर उभा राहून आपला ऊस म्हणू लागला. ऊस त्याचा, जमीन मात्र त्याची नव्हे. कंपनीचा नाही तर मातांगलीचा पट्टा त्याच्या हाती, आणि पट्ट्यास मुदत.

येथे मराठवाड्याच्या इतिहासाशी फिजीची तुलना करण्याचा मोह मला आवरत नाही, कारण तिच्यातून त्या देशाच्या दुर्दैवाचे स्वरूप स्पष्ट होते. १७ सप्टेंबर १९४८ नंतर आपल्याकडे जहागिऱ्या खालसा झाल्या आणि १९५० चा हैदराबाद कूळवहिवाट कायदा आला. संरक्षित कूळ ही संज्ञा येथील खेड्याखेड्यांत पोहोचली, आणि अंमलबजावणीत कितीही कुचराई झाली असली तरी पुष्कळ कुळे कालांतराने मालक झाली. कसणाऱ्याची जमीन हे न्यायाचे सूत्र येथे निःशंकपणे उच्चारता आले, कारण समोर जहागीरदार होता, देशमुख होता, सावकार होता. फिजीत समोर कोण होता? खाडीकाठी तारो व रताळी लावून राहणारा, स्वतः दरिद्री असा फिजियन गावकरी. १९४० साली रातू लाला सुकुना या विद्वान व दूरदर्शी सरदाराच्या पुढाकाराने या गावकऱ्यांच्या साऱ्या जमिनीची व्यवस्था एका विश्वस्त मंडळाकडे गेली. खंडातून मंडळाचा व सरदारांचा हिस्सा वजा जाता उरलेली रक्कम भावकीत वाटली जाई. अशा मालकाची जमीन कुळास देऊन टाका असे म्हणावयास कोणाची जीभ धजेल? कसणाऱ्याचा हक्क आणि मूळ रहिवाशाचा हक्क हे दोन्ही खरे हक्क तेथे एकमेकांसमोर उभे ठाकले होते.

मुल्की आणि गैरमुल्की हा वादही आपल्या परिचयाचा आहे. निजामाच्या १९१९ च्या फर्मानाने नोकऱ्या मुल्कींसाठी राखल्या, आणि १९५२ साली त्याच प्रश्नावरून हैदराबादेत रक्त सांडले. पण त्या फर्मानातही पंधरा वर्षे राज्यात राहिलेल्यास मुल्की होण्याची वाट मोकळी होती. फिजीत चौथ्या पिढीतल्या हिंदी शेतकऱ्यासही ती नव्हती. १९४६ च्या खानेसुमारीत हिंदी लोकांची संख्या मूळ फिजियनांहून अधिक भरली, तेव्हा गोवराच्या साथीपासून मनात घर करून राहिलेल्या भीतीने पुन्हा डोके वर काढले. त्या भीतीचा कंपनीने व गोऱ्या अंमलदारांनी यथेच्छ उपयोग केला. १९२९ साली विष्णू देव व त्यांचे दोन सहकारी हे पहिले निर्वाचित हिंदी सभासद म्हणून कायदेमंडळात बसले आणि सर्वांसाठी एकच मतदारयादी असावी हा त्यांचा ठराव नामंजूर होताच उठून गेले. स्वतंत्र मतदारसंघांचे विष हिंदुस्थानने जसे चाखले तसे फिजीनेही, आणि ते १० ऑक्टोबर १९७० रोजी मिळालेल्या स्वातंत्र्याच्या घटनेतही मुरलेले राहिले: ५२ जागांपैकी २२ फिजियनांस, २२ हिंदी लोकांस, ८ इतरांस.

स्वातंत्र्याच्या उंबरठ्यावर उसाच्या शेतकऱ्यांना एक मोठा जय मिळाला. ए. डी. पटेल हे गुजराती वकील १९२८ पासून फिजीत होते. कंपनीशी असलेल्या तंट्यात लवाद म्हणून नेमलेल्या लॉर्ड डेनिंग यांच्यापुढे त्यांनी शेतकऱ्यांची बाजू मांडली. निकाल ऐकावयास पटेल उरले नाहीत, ते १९६९ च्या ऑक्टोबरात वारले. उत्पन्नाचा ६५ टक्के वाटा शेतकऱ्यास व ३५ टक्के कारखान्यास, असा डेनिंग यांचा निवाडा झाला. त्या दराने धंदा परवडत नाही असे सांगून कंपनीने १९७३ साली आपला पसारा सरकारला विकला व ती नव्वद वर्षांच्या कमाईनिशी फिजीतून निघून गेली.

पुढची हकीकत थोडक्यात सांगतो, कारण ती ताजी आहे. एप्रिल १९८७ च्या निवडणुकीत डॉ. तिमोथी बावाद्रा हे स्वतः फिजियन असलेले मजूर पक्षाचे पुढारी हिंदी पक्षाच्या साहाय्याने पंतप्रधान झाले. महिनाभराने, १४ मे रोजी, म्हणजे ‘लिओनिडास’च्या आगमनाच्याच तिथीस, लेफ्टनंट कर्नल सितिवेनी राबुका मुखवटे घातलेल्या सैनिकांसह संसदेत शिरला आणि त्याने मंत्रिमंडळास कैद केले. जमीन धोक्यात आहे, अशी हाकाटी त्याने केली होती. ती खरी नव्हती. जमिनीच्या कायद्यास सरदारांच्या संमतीवाचून हात लावता येत नव्हता. १९९९ साली महेंद्र चौधरी हे गिरमिटियाचे नातू पंतप्रधान झाले. १९ मे २००० रोजी, त्यांच्या कारकिर्दीस वर्ष होते त्याच दिवशी, जॉर्ज स्पाइट नावाच्या दिवाळखोर व्यापाऱ्याने बंदुकीच्या धाकाने त्यांना व त्यांच्या सहकाऱ्यांना ५६ दिवस ओलीस ठेवले. खेड्यांतील हिंदी घरे लुटली गेली, आणि आसऱ्यासाठी पळालेली कुटुंबे लौतोकाच्या गिरमिट सेंटरमध्ये, आजोबा-पणजोबांच्या स्मारकातच, निर्वासित म्हणून येऊन राहिली. डिसेंबर २००६ मध्ये सेनापती बायनिमारामा यांनी पुन्हा सत्ता हिसकावली, मात्र या वेळी जातिभेद मोडण्याच्या नावाने; त्यांच्या २०१३ च्या घटनेने वंशवार मतदारयाद्या रद्द केल्या व सर्व नागरिकांस फिजियन हे एकच नाव दिले. विष्णू देव यांनी चौऱ्याऐंशी वर्षांपूर्वी मागितलेली एकच यादी अखेर आली, पण ती बंदुकीच्या वाटेने आली, याचे दुःख वाटते.

बंदुकांच्या आवाजाने उसाच्या टापूतील जेवढी घरे उठली नाहीत तेवढी एका साध्या तारखेने उठली. १९६६ च्या कूळ कायद्याने व १९७६ च्या दुरुस्तीने शेतीच्या पट्ट्यांस ३० वर्षांचे अभय दिले होते. ते १९९७ पासून गावोगाव संपू लागले. जमिनीच्या मालकास आपली जमीन आता स्वतः कसावयाची होती, किंवा खंड वाढवून पाहिजे होता, किंवा केवळ ती परत हाती आलेली बघावयाची होती, आणि त्यात त्याचे काही चुकले असे मला म्हणवत नाही. परंतु तीन पिढ्यांनी दगड वेचून, चर खणून, घर बांधून, अंगणात तुळस लावून उभा केलेला संसार आटोपता घ्या अशी नोटीस ज्याच्या हाती पडली, त्याचे तरी काय चुकले होते? विहीर, घर, लावणीचा ऊस, कशाचीच पुरती भरपाई बहुतेकांस मिळाली नाही. कोणी सुव्याच्या बाहेरील बकाल वस्तीत खोपट बांधले. ज्यांची मुले शिकली होती ते ऑकलंड, सिडनी, व्हँकुव्हरकडे गेले. हिंदी वंशाचे प्रमाण निम्म्यावरून २००७ च्या खानेसुमारीत ३७ टक्क्यांच्या घरात आले. गेल्या शतकाच्या अखेरच्या दशकात वर्षाला पाच लाख टनांच्या आसपास होणारी साखर आता दीड लाख टनांच्या आसपास होते. पट्टे गेले, भाव पडले, युरोपने सवलतीचा दर काढून घेतला, अशी त्याची अनेक कारणे आहेत.

डिसेंबर २०२२ मध्ये तोच राबुका, आता वृद्ध व निवडून आलेला, पंतप्रधान झाला. त्याच्या सरकारने सरदारांची रद्द केलेली महासभा पुनश्च स्थापन केली आणि गिरमिट दिनास राष्ट्रीय सुट्टी दिली. १४ मे २०२३ रोजी सुव्यात भरलेल्या प्रार्थनासभेत त्याने १९८७ च्या कृत्याबद्दल हिंदी वंशाच्या लोकांची क्षमा मागितली, आणि महेंद्र चौधरींसारख्या ज्यांनी त्याच्या व त्याच्या अनुयायांच्या हातून यातना सोसल्या त्यांपैकी अनेकजण तेव्हा हयात होते. राकिराकीचा कारखाना २०१६ च्या विन्स्टन वादळानंतर पुन्हा चालू झालेला नाही; लौतोका, रारावाई व लंबासा हे तीनच त्यानंतर उरले. फडावर आता पट्टेदार हिंदी शेतकऱ्याच्या जोडीने जमीनमालक भावकीतील फिजियन तरुणही कोयता चालवितो, कित्येक ठिकाणी तो स्वतः बागायतदार झाला आहे, आणि नव्या पट्ट्यांची मुदत किती असावी याविषयी दोघांचेही जमिनीच्या विश्वस्त मंडळाशी बोलणे चालूच आहे.